गुळाचा हात

भाजत्या डुकराच्या मांसावर गूळ-चिंचेचा हात कसा मारायचा, हे मला आता येतं. तीन वर्षांपूर्वी येत नव्हतं, आणि त्यापायी माझी जी शोभा झाली ती मी आजवर कुणाला सांगितली नाही. आमच्या घरी अणदूरला हे वाचलं तर आई मला उंबऱ्याच्या आत घेणार नाही. नको घेऊ दे. आमच्याकडं रानडुकराची शिकार मिळाली की गावभर वाटे पडतात, बाप्ये अंगणात चूल मांडून बोटं चाटत खातात, आणि वडारांनी पाळलेलं डुक्कर म्हटलं की तेच बाप्ये नाकाला पंचा लावतात. हे ढोंग आहे, असं मी पत्रकात छापलंही होतं. मात्र मी स्वतः पहिल्यांदा खाल्लं ते डोळे मिटून, पाण्याच्या घोटाबरोबर गिळून. तेवढं पत्रकात घातलं नाही.

महाराष्ट्र राज्य झालं त्याच्या पुढच्या उन्हाळ्यातली गोष्ट. सोलापूर-हैदराबाद रस्त्याच्या कामाला नळदुर्गच्या अलीकडं वडारांची पन्नासेक पालं पडली होती. बाया-बाप्ये दिवसभर खडी फोडायचे आणि खाणीच्या खड्ड्यात साठलेलं हिरवं पाणी प्यायचे. कामाचा ठेका घेतलेल्या गुत्तेदाराच्या तंबूत मात्र ओलं फडकं गुंडाळलेला माठ होता, त्यावर पितळी झाकण. त्या माठावरच मी एक अख्खं पत्रक लिहिलं. पाण्यावर एकूण तीन लिहिली. मागणी एकच, रोज चांगल्या पाण्याची एक गाडी. चार महिने मी अणदूरहून सायकल मारत रोज त्या पालांवर जात होतो आणि दगडावर उभा राहून बोलत होतो. जेव्हा इंजिनियर साहेब रस्त्यावरच्या पुलाचं काम बघायला येणार हे कळलं, तेव्हा पालांच्या वतीनं त्यांच्यापुढं बोलणार कोण, हा प्रश्न माझ्या मनात उठलाच नाही.

पण त्याच्या तीन आठवडे आधी सोलापूरहून एकजण येऊन पालांवर राहिला होता. गिरणीतला होता, तिथल्या मजुरांत काम केलेला. माझ्याच वयाचा. त्याच्याकडं ना पिशवी ना पत्रक. आला, बसला, एका म्हाताऱ्याच्या दगड फोडायच्या सुतकीला दांडा बसवून दिला आणि राहिला. मी उघडच लिहितो, मला तो पहिल्या दिवसापासून सहन झाला नाही. पालांवरची कुत्री चार महिने झाले तरी माझ्या सायकलीमागं भुंकत धावायची. त्याच्यावर एकही भुंकत नव्हतं. माझ्यापुढं बाया पदर सावरून गप्प व्हायच्या, त्याच्यापुढं आपसात भांडायच्या. मला चहा मिळायचा कपात, त्याला त्यांच्यासारखा जर्मनच्या वाटीत. पाहुणा कोण आणि घरचा कोण हे त्या कपावरून मला रोज समजत होतं, आणि तो कप मी रोज संपवत होतो.

साहेब यायच्या आदल्या दिवशी बाजार होता, म्हणून काम बंद. पालांतल्या सगळ्यांत जुन्या बाईला, जिला सगळे अव्वा म्हणायचे, तिच्या नातीचा ताप उतरला होता. त्याच पाण्यानं आलेला ताप. नवस फेडायला त्यांनी डुक्कर कापलं. जेवण होईल तेव्हा उद्या कोण बोलणार तेही ठरेल, असं अव्वानं सकाळीच सांगून टाकलं. ठरवायचं काय त्यात, असं मी मनाशी म्हटलं आणि धुतलेला सदरा घालून गेलो.

दोन घडीव दगड समोरासमोर ठेवून त्यांच्यावर चार पहारी आडव्या टाकल्या होत्या. दिवसभर धोंडे उलथायच्या पहारी, त्या दिवशी राखेनं घासून लखलखीत केलेल्या. खाली बाभळीचा विस्तव, ज्वाळ नाही, नुसते लाल निखारे. वर बरगड्यांची अखंड बाजू. अव्वा दोन पातेली घेऊन बसली. एकात मीठ, ठेचलेला लसूण, हळद आणि करडईचं तेल पाण्यात कालवलेलं. दुसऱ्यात चिंचेचा कोळ, चुलीत भाजून कुटलेल्या मिरच्या आणि मुठीएवढा गूळ. हे दुसरं तिनं विस्तवाच्या कडेला ठेवून इतकं आटवलं की पळीवरून तार सुटायला लागली. बस, एवढंच. मसाला नाही, काही नाही. शिंदीच्या फोकाचं एक टोक ठेचून कुंचा केला होता, भिंतीला चुना मारायला करतात तसाच, पण वीतभर.

रीत तिनं मला सांगितली. आधी मिठाचं पाणी, परत परत, चरबी टपकायची थांबेपर्यंत. गूळ शेवटी, विस्तव मागं ओढून, दोनदा फक्त. आणि कुंचा ज्याच्या हातात त्यानं बोलायचं नाही. एक शब्द नाही. मी कारण विचारलं. देवाचं काही असेल, तर त्याच्यावरही एक पत्रक होईल, असा माझा विचार.

"देवाचं कशाला," ती म्हणाली, "बोलनाऱ्याचं ध्यान त्वांडात ऱ्हातंय."

कुंचा तिनं गिरणीवाल्याला दिला. तो उकिडवा बसला आणि तासभर गप्प राहिला. बाप्ये त्याला मुद्दाम छेडत होते. सोलापूरच्या कुठल्याशा बाईवरून चिडवत होते, तुझं डुक्कर तुझ्यापेक्षा गोरं दिसतंय म्हणत होते. तो हसायचा, पण ओठ उघडायचा नाही. चरबीचा थेंब पडून ज्वाळ उठली की चिमूटभर राख टाकायचा, पहारीवरचं मांस सरकवायचा आणि पुन्हा कुंचा बुडवायचा. कातडीचा रंग बदलत गेला. सगळे त्याच्या हाताकडं बघत होते. माझ्या भाषणाकडं चार महिन्यांत असं कुणी बघितलं नव्हतं. मला तिथं बसवेना.

मी उठलो आणि अव्वाला म्हणालो, "अव्वा, जरा माझ्याकडं द्या. मलाबी तुमच्यातलंच समजा की."

तिनं माझ्याकडं बघितलं, मग माझ्या सदऱ्याकडं. गिरणीवाल्यानं काही न बोलता कुंचा माझ्या हातात ठेवला आणि समोर जाऊन बसला.

पहिली काही मिनिटं मी चांगली काढली. मीठपाणी मारलं, राख टाकली. मग एका जाणत्या बाप्यानं सहज विचारलं, मास्तर, उद्या सायबाला काय म्हनायचं? त्यानं मला मुद्दाम छेडलं की खरंच विचारलं, हे मला अजून ठरवता येत नाही. मी मान वर केली. पन्नास पालांतली माणसं गोल बसलेली, सगळी माझ्याकडं तोंड करून. आणि समोर तो, गुडघ्यांना मिठी घालून, निवांत. माझ्याच्यानं राहवलं नाही. मी सांगायला लागलो. माणसाला पाणी मिळणं हा हक्क आहे, भीक नाही. गुत्तेदाराच्या माठाला ओलं फडकं आणि तुमच्या लेकरांना ताप. मी असं म्हणेन, मग साहेब असं म्हणेल, त्याच्यावर मी तसं म्हणेन. आवाज चढला तसा हातही चालत होता, आणि तो कुठल्या पातेल्यात जातोय हे मी बघत नव्हतो. गुळाचं पातेलं जवळ होतं. मी एक हात मारला, दुसरा मारला, साहेबाला निरुत्तर करता करता तिसरा मारला. विस्तव पुरा लाल. चरबी अजून गळत होती.

वास आधी आला. मग धूर. खाली बघितलं तर कातडी काळी होऊन तिच्यावर फोड येत होते आणि जळका गूळ पहारीवरून ओघळत होता. सगळ्यांचं नवसाचं जेवण. बोलायचं थांबवून मी काय केलं असेल, तर कुंच्यानं वारा घातला. त्यानं ज्वाळ उठली.

कुणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं. गिरणीवाला उठला, निखारे मागं ओढले आणि एका बाईकडून खुरपं घेऊन जळलेला थर हळूहळू खरवडायला लागला. आतलं मांस लालच होतं. त्यानं मीठपाण्यापासून पुन्हा सुरुवात केली. अव्वानं उरलेल्या गुळात चिंचेचं पाणी घालून तो वाढवला आणि माझ्याकडं न बघता म्हणाली, "वरनं कोळसा, आत रगत. सायबापुढं बी असंच करशील, कागदवाल्या. उद्या ह्यो जाईल."

झालं. चार महिन्यांची सायकल, तीन पत्रकं, आणि निकाल एका बरगडीवर लागला. ही अडाण्यांची लोकशाही, असं मी मनात म्हटलं. असलं वाक्य दुसऱ्या कुणाच्या तोंडून ऐकलं असतं तर मी त्याचं थोबाड फोडलं असतं. उशिरा का होईना मांस झालं. माझ्या वाट्याचं मी या वेळी डोळे उघडे ठेवून खाल्लं. आंबट, तिखट, मागून गोड, आणि कुठंतरी माझ्या हातचा कडूपणा राहिलेलाच. आतून इतका जळत होतो, तरी दुसऱ्यांदा मागून घेतलं, इतकं ते चांगलं झालं होतं.

दुसऱ्या दिवशी साहेब जीपमधून उतरले. गिरणीवाला खाणीतल्या पाण्याचा तांब्या धरून त्यांच्या वाटेत उभा राहिला. तोंड मिटलेलं. गुत्तेदार त्याला बाजूला हो म्हणत होता, मी मागं उभा राहून दात आवळत होतो, बोल की रे. साहेबांनीच शेवटी विचारलं, काय आहे हे?

"पाणी, साहेब. इथं हे पितात."

साहेबांनी तांब्यात वाकून बघितलं. मग गुत्तेदाराकडं वळले. आठवड्याच्या आत पाण्याची गाडी सुरू झाली, चार टिपाडं भरून, रोज सकाळी.

मला आनंद झाला, असं मी चौथ्या पत्रकात लिहिलं. विजयाचं पत्रक होतं ते. त्यात लढा होता, एकजूट होती, पत्रकांचा परिणाम होता. तांब्या नव्हता. तांब्या धरणाराही नव्हता. जागा पुरली नाही असं मी स्वतःला सांगितलं, आणि खाली चार ओळींची जागा कोरी होती.

पालांवर कुणाला वाचता येत नव्हतं, म्हणून पत्रक मीच मोठ्यानं वाचून दाखवायचो. त्या दिवशीही दगडावर उभा राहिलो. अव्वा पुढं बसली होती, नात मांडीवर. गिरणीवाला टिपाडाला टेकून उभा, हातात पत्रकाची एक प्रत. मी शेवटाला आलो तशी अव्वानं विचारलं, "आन ह्याचं? ह्याचं न्हाय व्हय त्यात?"

मी कागदाकडं बघितलं. मग त्या कोऱ्या जागेवर नजर ठेवून, तिथं छापलेलं असल्यासारखं, वाचत राहिलो. सोलापूरचा एक साथी खाणीतलं पाणी घेऊन साहेबांपुढं उभा राहिला, त्याच्यामुळं ही गाडी आली. अव्वानं समाधानानं मान हलवली.

त्याला वाचता येत होतं. त्यानं आपल्या हातातला कागद खालपर्यंत बघितला, उलटून मागंही बघितलं. मग माझ्याकडं बघितलं. मी वाट बघत होतो की आता हा बोलेल. मला वाटतं मला ते हवंच होतं.

त्यानं कागदाची घडी केली, सदऱ्याच्या खिशात घातली आणि टिपाडातलं पाणी काढून अव्वाच्या नातीला प्यायला दिलं. पुढं मीही पालांवरच राहायला गेलो, दोन महिने आम्ही एकाच पालात राहिलो, एकाच वाटीतून चहा प्यायलो, त्यानं मला कुंचा धरायला शिकवलं. त्या चार ओळींबद्दल तो एकदाही बोलला नाही. त्याच्या हातच्या मांसावर मी आता जळत नाही, माझंही तसंच होतं. पण ते गप्प राहणं मला अजून जमलेलं नाही. हे लिहितोय त्यावरूनच कळेल.