रिलीव्हर न आलेली पोस्ट

मी आर्मी मेडिकल कोअरमधून नायब सुभेदार म्हणून निवृत्त झालो. ट्रेड नर्सिंग असिस्टंट. जखमी जवानाचं रक्त थांबवायचं, सलाइन लावायचं, त्याला पोस्टवरून खाली आणायचं आणि डॉक्टरच्या हाती जिवंत सोपवायचं, हे माझं काम होतं. गाव निफाड तालुक्यातलं. घरच्या द्राक्षबागेत माझा काही उपयोग नाही, हे भावाने पहिल्याच छाटणीला तोंडावर सांगितलं. म्हणून नाशकात नोकरी धरली.

गंगापूर रोडच्या बाजूला एक मोठं खासगी हॉस्पिटल आहे. त्याचं नाव घ्यायची माझी इच्छा नाही. तिथे मला कॅज्युअल्टी आणि सिक्युरिटीचा सुपरवायझर नेमलं. फौजेतलं माझं शिक्षण इथल्या नियमांत बसत नव्हतं, त्यामुळे पेशंटला हात लावायची परवानगी नव्हती. स्ट्रेचर वर पोचवा, गर्दी आवरा, भांडणारे नातेवाईक बाहेर काढा, एवढंच.

लोक मला सीमेवरचं विचारतात. बर्फ किती होतं, गोळीबार कसा असतो. मी सांगतोही. पण आज जे सांगणार आहे ते नाशकातलं आहे. ते कळावं म्हणून आधी वरची एक गोष्ट.

उत्तरेला आमची पोस्ट बरीच उंचावर होती. थंडीत तिथे संत्रीची, म्हणजे पहारेकऱ्याची, ड्युटी लहान ठेवतात. जास्त वेळ उभा राहिला तर माणसाची बोटं जातात, आणि बोटांच्या आधी त्याचं लक्ष जातं. एका सकाळी वादळ उठलं आणि पहारा बदलायला खालून येणारी रिलीफ पार्टी अडकली. सुभेदार साहेबांनी रेडिओ घेतला.

"रिलीफ कहाँ है? ओव्हर."

"रास्ता बंद है, साब. ओव्हर."

साहेबांनी सेट खाली ठेवला, कोट चढवला आणि संत्रीच्या जागी स्वतः जाऊन उभे राहिले. पन्नाशीला टेकलेला माणूस, गुडघे दुखायचे. त्यांच्यानंतर क्लार्क उभा राहिला, मग स्वयंपाकी, मग मी. कोणी भाषण केलं नाही.

रिलीफ आल्याशिवाय संत्री जागा सोडत नाही, हे सगळ्यांना माहीत असतं. सिनेमात दाखवतात. ती रिलीफ वेळेवर पाठवणं वरच्याची जबाबदारी असते, आणि पाठवता आली नाही तर वरच्याने स्वतः उभं राहायचं असतं, हे कोणी दाखवत नाही. नियमाचा हा भाग सिनेमावाल्यांच्या कामाचा नाही. हॉस्पिटलवाल्यांच्याही नाही.

हॉस्पिटलमध्ये नियम तोच आहे. पुढच्या ड्युटीची सिस्टर आली की दोघी पलंगापलंगाशी जातात. याला काय झालंय, त्याला काय चालू आहे, कोणाकडे डोळ्यात तेल घालून बघायचं, हे जाणारी सांगते आणि मगच घरी जाते. येणारीला सगळे रिलीव्हर म्हणतात. पद्धत उत्तम आहे. रिलीव्हर मात्र नसायचा.

कोविड संपला आणि सिस्टर लोक सोडून जायला लागले. कोणी आखातात गेलं, कोणी सरकारी भरतीत लागलं, काही जणी नुसत्या घरी बसल्या. त्यांच्या जागा भरल्या नाहीत. माणसं गेली तरी वॉर्ड चालतोच, हे मॅनेजमेंटच्या लक्षात आलं होतं. तो कसा चालतो हे बघायला कोणी वर आलं नाही. सकाळची सिस्टर संध्याकाळपर्यंत थांबायची, संध्याकाळची सकाळपर्यंत. सुट्टीच्या दिवशी फोन करून बोलवायचे. नाही म्हटलं की मॅट्रन मॅडम म्हणायच्या, पेशंटचं काही झालं तर तुझ्या मनाला काय वाटेल? पेशंटवरच्या मायेला दावं बांधून बाईला ओढत आणायचं, ही त्यांची युक्ती होती.

आमचे ॲडमिनिस्ट्रेटर, ज्यांना सगळे नुसतं सर म्हणायचे, त्यांना फौजेचं फार वेड. मीटिंगमध्ये माझ्याकडे बोट करून सिस्टर लोकांना सांगायचे, तुम्ही पांढऱ्या गणवेशातल्या सैनिक आहात, या सुभेदारांकडून शिका. कोविडात याच गेटवर फुलं उधळली होती. 'योद्धा' लिहिलेला फ्लेक्स नंतर कित्येक दिवस पार्किंगमध्ये फडफडत होता. मला त्या शब्दाचा संताप येतो. सैनिकाला रेशन मिळतं, रजा मिळते, त्याची मेडिकल तपासणी होते, तो आजारी पडला तर त्याला हलक्या कामावर टाकतात. या बायांना काय दिलंत? बोलाचीच कढी आणि बोलाचाच भात.

तिसऱ्या मजल्यावरच्या मेडिकल वॉर्डात सिस्टर रेखा पगारे होत्या. वय बेचाळीस. नाशिकरोडच्या एका कॉलनीत राहायच्या. नवरा शाळेत क्लार्क, मुलगी बारावीला. मला 'फौजी' म्हणायच्या. वॉर्डात नातेवाइकांची झुंबड उडाली की खाली फोन करायच्या, "फौजी, तुमच्या गार्डला सांगा, पेशंटला भेटायला एकाने यायचं असतं, अख्खी वरात सोडू नका." आवाज खणखणीत. शेवटच्या काही आठवड्यांत तो आवाज बसला. थट्टा बंद झाली. डबा उभ्याउभ्या खायच्या आणि अर्धा तसाच परत न्यायच्या. एकदा मी लिफ्टचं दार उघडलं तर त्या आत एकट्या उभ्या. बटण दाबायचंच विसरल्या होत्या. कुठे जायचंय विचारलं तर म्हणाल्या, "घरी." आणि वॉर्डात गेल्या.

मी सरांना तोंडी सांगितलं, बाई थकल्या आहेत, पडतील. सर म्हणाले, सगळेच थकलेत. सर स्वतः पाच वाजता गाडी काढायचे.

मग मानांकनाची तपासणी आली. बाहेरून टीम येणार, वॉर्ड बघणार, स्टाफ पुरेसा आहे का ते बघणार. फौजेत जनरल साहेब येणार असले की दगडांना चुना मारतात. मीही मारलाय, ब्रश घेऊन, मुकाट्याने. पण चुना मारायला कोणी संत्रीला पोस्टवरून खाली बोलावलं नव्हतं. इथे बोलावलं. एका नर्सिंग कॉलेजच्या मुली दिवसभरासाठी आणल्या, त्यांना नवे गणवेश दिले आणि लॉबीत ओळीने उभ्या केल्या. त्यांच्यात खरा स्टाफ दिसावा म्हणून वॉर्डांतली माणसं खाली उतरवली. तिसऱ्या मजल्यावर दोघं होते. त्यातला ब्रदर इम्रान, मालेगावचा, हुशार आणि कामाला वाघ, त्याला लॉबीत उभं केलं. वर छत्तीस पेशंट आणि रेखा सिस्टर. त्याही कालच्या ड्युटीवरून घरी न गेलेल्या.

दुपारी मी एक पेशंट घेऊन वर गेलो. रेखा सिस्टर औषधांच्या ट्रॉलीला टेकून उभ्या होत्या. डाव्या खांद्यावर हात दाबून धरलेला. डोक्यावर पंखा, तरी कपाळावर घाम.

मी विचारलं, काय होतंय. म्हणाल्या, ॲसिडिटी. चहा जास्त झाला. सकाळपासून जबडाही ठणकतोय, दाढेचं असेल.

खांदा, जबडा, घाम. नर्सिंगच्या पहिल्या वर्षाच्या पोरीला विचारा, ती सांगेल. पेशंटच्या सोबत आलेल्या माणसाने असं म्हटलं असतं, तर याच बाईंनी त्याला दंडाला धरून झोपवला असता आणि ईसीजी काढला असता. त्या दिवशी सकाळपासून किती जणांचे काढले होते कोण जाणे, मशीन पलंगाशेजारीच होतं. ही चूक दवाखान्यातली माणसंच करतात. दुसऱ्याचं दुखणं दारातून ओळखतात आणि स्वतःचं गोळीबरोबर गिळतात.

मी म्हणालो, "सिस्टर, आत्ताच्या आत्ता खाली चला."

"नऊ नंबरला रक्त लावलंय. रिॲक्शन आली तर बघायला कोण आहे? रिलीव्हर द्या फौजी, लगेच येते."

त्यांचं चूक नव्हतं. मागच्याच महिन्यात एक सिस्टर बाथरूमला गेली आणि तेवढ्यात एक आजोबा पलंगावरून पडले. मेमो तिला मिळाला. एवढ्या मोठ्या वॉर्डात एकच बाई का होती, असा मेमो कोणाला मिळाला नाही. मी डॉक्टरांना फोन लावला. तीन वॉर्डांना मिळून एक निवासी डॉक्टर, तेही टीमबरोबर फिरत होते. फोन उचलला नाही. मॅट्रनला लावला.

"मॅडम, तिसऱ्या मजल्यावर एक माणूस पाठवा. लगेच."

"कुठून पाठवू? सगळे लॉबीत आहेत."

"लॉबीतला पाठवा."

"तिथलं कोणी हलवायचं नाही. सरांची ऑर्डर आहे."

मी खाली गेलो. लॉबीत एवढ्या सिस्टर उभ्या होत्या की अख्खं हॉस्पिटल चाललं असतं. हातात गुलाब. मी सरांच्या जवळ जाऊन सांगितलं, रेखा सिस्टरना हार्टचा त्रास दिसतोय, एक माणूस द्या. टीम कॅज्युअल्टी बघून येणार होती, सरांची नजर त्या दाराकडे. ओठांवरचं हसू न हलवता म्हणाले, "वीस मिनिटं, सुभेदार. टीम पुढे सरकली की देतो. फौजेत कोणी मध्येच लाइन सोडतं का?"

माझा हात त्यांच्या कॉलरपर्यंत गेला असता. गेला नाही, याचं आजही वाईट वाटतं.

इम्रानने ते ऐकलं होतं. त्याने हातातला गुलाब टेबलावर ठेवला आणि कोणाला न विचारता जिन्याकडे पळाला. लिफ्ट टीमसाठी थांबवून ठेवली होती. मी त्याच्या मागे.

रेखा सिस्टर नऊ नंबरच्या पलंगाशेजारी, लॉकरला पाठ लावून जमिनीवर बसल्या होत्या. मान एका बाजूला. पेशंटची म्हातारी आई त्यांच्या पायाशी उभी होती. म्हणाली, "ताईंनी ती रगताची नळी बंद केली. म्हनल्या, आजी, आता घाबरायचं काम नाय. अन् खाली बसल्या त्या बोलल्याच नाय."

आपलं लक्ष राहणार नाही हे कळल्यावर त्या बाईने आधी पेशंटचं रक्त थांबवलं होतं, म्हणजे बघायला कोणी नसताना ते चालू राहू नये. मग बसल्या.

पेशंटला हात लावायची मला परवानगी नव्हती. मी लावला. मी छाती दाबत होतो, इम्रान श्वास देत होता. "दीदी, दीदी," एवढंच म्हणत होता. पलंगांवरचे पेशंट उठून बसले होते. निरोप गेल्यावर डॉक्टर पळत आले, शॉक दिले, नळी घातली. त्यांनी जीव तोडून केलं, त्यांना मी दोष देत नाही. सीमेवर मी जवान हातात गमावले आहेत. तिथे समोर शत्रू होता, मधे डोंगर होता. इथे मधे दोन मजले होते आणि खाली लॉबीत गुलाब घेतलेल्या सिस्टर उभ्या होत्या.

टीमला तिसऱ्या मजल्यावर आणलंच नाही. तिथे फ्युमिगेशन चालू आहे, असं सांगितलं. हॉस्पिटलला मानांकन मिळालं.

चार-पाच दिवसांनी लॉबीत शोकसभा ठेवली. फोटोला हार, मागे मोठा फ्लेक्स, त्यावर पुन्हा तोच शब्द. सर बोलले. रेखा सिस्टर सैनिकासारख्या पोस्टवर शहीद झाल्या, म्हणाले. गळा दाटून आणला होता. आणि मग माझ्याकडे वळून म्हणाले, आपले सुभेदार साहेब आता त्यांना फौजी सलामी देतील.

पुढच्या रांगेत त्यांचे पती आणि मुलगी बसली होती. मी उठलो. हात खालीच ठेवला.

"फौजेत संत्री पोस्टवर मेला की आधी कोर्ट ऑफ इन्क्वायरी बसते," मी म्हणालो. "रिलीफ पाठवायची कोणी होती आणि का पाठवली नाही, हे नाव घेऊन विचारतात. ती कधी बसवताय, सर?"

मॅट्रन मॅडम पदराशी चाळा करत होत्या. कोणीतरी मागून म्हणालं, चहा तयार आहे. तेव्हा रेखा सिस्टरचे पती उभे राहिले. मी त्यांचा आवाज तोवर ऐकला नव्हता. म्हणाले, "मला पण हेच विचारायचं होतं."

त्यांनी पुढे रीतसर तक्रार केली. साक्षीदार म्हणून मी उभा आहे आणि उभाच राहणार आहे. माझी नोकरी त्याच महिन्यात गेली. तपास कुठे पोचला विचाराल, तर वाट बघतोय.

त्या सभेतून मी तिसऱ्या मजल्यावर गेलो होतो. इम्रान दिसला नव्हता म्हणून. त्यानेच रेखा सिस्टरच्या तोंडात श्वास भरला होता, आणि तोच खाली नव्हता. वॉर्डात तो एकटा होता. पलंग सगळे भरलेले. खाली यायला त्याला रिलीव्हर मिळाला नव्हता. डोळे तांबारलेले, दाढी वाढलेली, एका आजीबाईंना इंजेक्शन देत होता.

"साहेब, खाली काय बोलले दीदीबद्दल?" त्याने मान वर न करता विचारलं.

"शूर होत्या, म्हणाले."

त्याने सुई काढली, कापूस दाबून धरला.

"दीदी दमल्या होत्या, साहेब. त्यांना शूर व्हायचं नव्हतं. घरी जायचं होतं."

आता लोक मला भाषणाला बोलावतात, शहिदांबद्दल सांगा म्हणतात. मी आमच्या युनिटमधल्यांची नावं घेतो, आणि शेवटी हेही घेतो. रेखा पगारे, स्टाफ नर्स, मेडिकल वॉर्ड. कोणी विचारलं, या कुठे शहीद झाल्या, तर सांगतो की शहीद नाही झाल्या, नाशकात त्यांना दमवून मारलं.