पातेल्याला कणीक लागल्यावर

पिंपळगाव राजात जब्बारभाई टेलरची दोन कामं नावाजलेली. एक, शेरवानीचा गळा. दोन, बकऱ्याच्या नळ्यांची निहारी. त्यातलं पहिलं काम ते स्वतः करायचे.

दुसऱ्याचा प्रकार असा, की त्यांची बायको सरवरीभाबी सकाळीच चूल पेटवायच्या, कांदा तळायच्या, मसाला वाटायच्या, नळ्या परतायच्या, पाणी ओतून पातेल्याच्या झाकणाला कणकेचा लेप लावायच्या आणि मग सहा तास निखाऱ्यांची राखण करत बसायच्या. दुपारी पाहुणे दस्तरखानावर बसले की पातेलं बाहेर यायचं. आणि या घरची रीत अशी, की कणीक फोडायची ती कर्त्या पुरुषानं, सगळ्यांच्या देखत. जब्बारभाई बाह्या सरसावून, बिस्मिल्ला म्हणून, उलथन्याच्या दांड्यानं कणीक फोडायचे. वाफेचा लोट उठायचा आणि पाहुणे म्हणायचे, "वा जब्बारभाई, काय हात हाय!" पहिल्या खेपेलाच 'हात माझा नाही' म्हणायला हवं होतं. तेव्हा ते लाजून हसले. त्या हसण्याला आता बावीस वर्षं झाली.

बरं, नुसती वाहवा घेऊन थांबले असते तरी चाललं असतं. त्यांनी शास्त्रही रचलं. "कणीक लागली का मंग वरच्याची मर्जी. मंधात उघडून पाह्यते तो बावर्ची नाई, भामटा!" दुकानात गिऱ्हाइकाचं माप घेता घेता हे ते सगळ्यांना ऐकवत.

यंदा लेक यास्मीनच्या बाळंतपणासाठी सरवरीभाबी खामगावला गेल्या, चांगल्या चाळीस दिवसांसाठी. सहाव्या दिवशी, रविवारी, पहिल्या एसटीनं गोपाळ गुरुजी दारात हजर. खामगावचे निवृत्त हेडमास्तर, जब्बारभाईंचे जुने गिऱ्हाईक आणि त्या निहारीचे वर्षानुवर्षांचे भक्त. एका हातात नळ्यांची पिशवी, दुसऱ्या हातात वही.

"वहिनी नाईत ते मले मालूम हाय," गुरुजी खाटेवर बसत म्हणाले. "म्हणूनच आलो. एरवी तुमी मले चुलीपाशी फिरकू देत नाई. आज समोर बसून सारं लिहून घेतो."

"आज दुकानात लय काम हाय, गुरुजी."

"दुकानाले कुलूप पाहूनच आलो ना मी."

जब्बारभाई मोबाइल घेऊन मागच्या संडासात शिरले. नवरा-बायको एरवी हिंदीत बोलायचे, पण चिडले की दोघंही वऱ्हाडीवर उतरायचे. तिच्यात टोमण्याला वजन येतं. भाबींनी एका दमात सगळं सांगितलं: कांदा किती लाल, आलं-लसूण किती, बडीशेप, सुंठ, जायफळ कधी, भाजलेली कणीक पाण्यात कालवून रश्शाला कशी लावायची. शेवटी म्हणाल्या, "ध्यानात राहीन का? का तेबी मीच येऊन ठेवू?"

राहिलं. जब्बारभाई बाहेर आले ते खानदानी बावर्ची होऊनच. कांदा जरा जास्तच लाल झाला, तर म्हणाले, "रंग याच्यातच हाय." गुरुजींनी तेही उतरवून घेतलं. साडेआठला झाकण बसलं, कडेनं कणीक लागली, आणि जब्बारभाईंनी सुटकेचा श्वास सोडला.

गुरुजींनी चष्मा सारखा केला आणि पेपर तपासावा तशी वही पहिल्यापासून मोठ्यानं वाचली. वाचता वाचता थांबले. "मिठाचं लिहाचं राह्यलं. कवा टाकलं हो? मले तं दिसलंच नाई."

जब्बारभाईंची नजर फळीवर गेली. जाड्या मिठाची बरणी झाकणासकट जशीच्या तशी. भाबींनी सांगितलं नव्हतं. कोणती बाई सांगते? मीठ काय सांगायची गोष्ट आहे!

"टाकलं ना. अंदाजानं," म्हणाले जब्बारभाई, जे टेपशिवाय रुमालसुद्धा कापत नसत.

आता पातेलं समोर, गुरुजी समोर, मीठ समोर, आणि मधे बोटभर कणीक. ती फोडावी तर भामटा; न फोडावी तर दुपारी पहिल्याच घासाला बावीस वर्षांचं नाव मातीत.

"गुरुजी, नाक्यावर मस्त पान भेटते. पाय मोकळे करून या."

गुरुजींनी खिशातून स्वतःची पानाची डबी काढली.

"मंग आत जरासे आडवे व्हा. लवकर उठले असान."

"झोपाचंच असतं तं एसटीचे धक्के खात काऊन आलो असतो?"

जब्बारभाई पुन्हा संडासात. भाबींना हसू आवरेना. "फोडा कणीक, टाका मीठ, लावा परत. कायचं लागलं त्याच्यात?"

"त्यायच्यासमोर? मी इतके वर्ष लोकायले काय सांगून राह्यलो, तुले मालूम नाई?"

"मले नाई मालूम तं कोनाले? मंग खरं सांगून टाका, का बनवणारी खामगावात हाय."

"ते सोडून सांग."

"ते सोडून माह्याजवळ काई नाई, यास्मीनचे अब्बा." फोन कट.

"पोट बिघडलं काय?" गुरुजींनी काळजीनं विचारलं.

दहा वाजले, बारा वाजले. चुलीपाशी बसून जब्बारभाईंची पाठ शेकून निघाली. पातेलं आतल्या आत रटरटत होतं आणि वास असा सुटला होता, की शेजारचे भिंतीवरून डोकावून गेले. वासाला काय, मीठ लागत नाही.

अडीचला कणीक फुटली. गुरुजींनी रोटीचा तुकडा रश्शात बुडवला, तोंडात घातला, चावला आणि थांबले.

"जब्बारभाई, मीठ?"

खरं अगदी ओठावर आलं होतं, असं जब्बारभाई स्वतःशी नंतर पुष्कळदा म्हणाले. पण नजर पडली ती गुरुजींनी ताटाजवळ काढून ठेवलेल्या बीपीच्या गोळ्यांवर. आणि तोंड अकलेच्या पुढं धावलं.

"नाईच टाकलं. तुमच्या बीपीसाठी. आधी सांगतलं असतं तं तुमी आयकलं नसतं."

गुरुजी चष्मा काढून धोतराच्या सोग्यानं पुसत राहिले. "चारुलता गेली तवापासून," बायकोचं नाव घेऊन म्हणाले, "सून करून वाढते, नाव ठेवाले जागा नाई. पन भाजीत मीठ कमी टाक म्हणाची मले लाज वाटते. तुमी न सांगता केलं. सकाळपासून एका शब्दानं बोलले नाई!"

मघापर्यंत खरं सांगितलं असतं तर फक्त जब्बारभाईंचं नाव गेलं असतं. आता समोरच्या माणसाच्या तोंडचा घासही गेला असता. ते दारही बंद झालं.

"तुमी तं घ्या वरून," गुरुजी म्हणाले.

"तुमाले अळणी अन् मले खारं? जमत नाई आपल्याले."

हेही स्वतःच म्हणाले. मग बसले नळ्या चोखत. गुरुजींनी तीन वाट्या खाल्ल्या, तर यांनाही दोन रिचवाव्या लागल्या.

निघताना गुरुजींनी त्यांचा हात दोन्ही हातांत धरला. "आमच्या खामगावात चार पेन्शनर हायेत. चौघायलेबी बीपी. बिचारे मटनाच्या नावानं तोंडं पाडून बसतात. पुढच्या इतवारी घेऊन येतो. चालंन ना?"

"या ना," म्हणाले जब्बारभाई.

संध्याकाळी ते पुढच्या रविवारच्या निहारीसाठी मोठा डेग मागायला जमातीच्या भांड्यांच्या खोलीवर गेले. तिथं भांडी सांभाळणाऱ्या अकरमनं डेग काढून दिला आणि सहज विचारलं, "भाबी परतल्या वाटते खामगावहून?"

"नाई. काऊन?"

"मंग निहारी कोन बनवणार?"

जब्बारभाईंनी एकदा अकरमकडं पाहिलं, एकदा डेगाच्या तळाकडं. "मीच," म्हणाले आणि डेग खांद्यावर घेतला.