पाठमोऱ्या बाईचं वाक्य

महाप्याच्या एका डबिंग स्टुडिओत मी एका जर्मन मालिकेचे मराठी संवाद लिहीत होते. शाळा इंग्रजी माध्यमाची, जर्मन क्लास लावून शिकलेलं, मराठी घरातलं. चुकेन या भीतीने तिथे मी कमीच बोलायचे.

मालिकेची लेखिका आता सत्तरीची आहे. तिची एक मुलाखत मी वाचली होती. टायपिस्ट म्हणून लागली, वर्षानुवर्षं पुरुषांच्या पटकथा दुरुस्त करत राहिली. पडद्यावर नावं त्यांची. पन्नाशीनंतर स्वतःची मालिका मिळाली, तीच ही. या मालिकेत एक प्रसंग आहे. नवरा गेल्याचा फोन येतो. बायको रिसीव्हर ठेवते आणि आपल्याकडे पाठ करून बटाटे सोलत राहते. एक शब्द नाही. त्या शांततेसाठी लेखिका वाहिनीशी भांडली, आणि नंतर कितीतरी दिवस कामाविना घरी बसली.

आमच्या डबिंग डायरेक्टरनी नेमका तोच प्रसंग थांबवला.

"मॅडम, इथे काहीतरी टाका."

"सर, ती बोलत नाही तिथे."

"पाठ आहे ना? ओठ कुठे दिसतायत? टाका बिनधास्त. आपल्या बायका एवढा वेळ गप्प बसतात का?"

रेकॉर्डिस्ट खो खो हसला.

"पण लेखिकेने मुद्दाम..."

"ती येणारे का बघायला?"

ओठ दिसत नाहीत म्हणून कुणाच्याही तोंडात काहीही कोंबायचं? "मी नाही लिहिणार," मी म्हणाले. आवाज चिरकला. मग त्यांनीच लिहिलं, 'देवा, आता मी कुणासाठी जगू?' शिवाय शेवटच्या नामावलीतून लेखिकेचं नाव गाळलं आणि माझं ठेवलं. माझंही काढा म्हटलं, तर म्हणाले, "अहो, खूश व्हा! नाव येतंय तुमचं."

मालिका आल्यावर जुईनगरला घरी आईने तो भाग लावला. त्या वाक्याला तिने पदर डोळ्यांना लावला. "किती छान लिहिलंयस गं!"

माझं डोकंच फिरलं. रिमोट ओढून घेतला, प्रसंग मागे नेला, आवाज बंद केला.

"आता बघ."

ती बघत राहिली. पाठ, कोपर, सालं. भाग संपेपर्यंत.

"हे कुणी लिहिलं?"

मी त्या बाईचं नाव सांगितलं. आईला उच्चारता येईना, म्हणून पुन्हा सांगितलं. पडद्यावर तेव्हा माझं नाव सरकत होतं.