सावली मोजणारे साहेब

दत्तोबा गेल्याचा फोन आला तेव्हा मी बावधनच्या घरी त्यांच्यासाठीच नवं प्रहसन लिहीत होतो. त्यांच्या पत्नी हिराबाई एवढंच म्हणाल्या, “तुमचं सायेब गेलं.” दीड महिना झाला, त्या ‘सायेब’चं काय करायचं ते मला अजून कळत नाही...

लातूरहून नोकरीसाठी आलो तेव्हा मी मारुंजीत त्यांच्याकडे भाड्याने राहायचो. पुढे नोकरी सोडून टीव्हीसाठी विचित्र प्रहसनं लिहू लागलो. एकात सरकारी साहेब एका माणसाला बजावतो, तुमची सावली वाढीव बांधकामात मोडते, पाडून टाका. साहेबाचं काम करणारा नट आलाच नाही, म्हणून चित्रीकरण बघायला आलेल्या दत्तोबांना आम्ही खुर्चीत बसवलं. त्यांनी गंभीरपणे विचारलं, “मोजली कवा? दुपारी का सांजच्याला?” हे मी लिहिलेलं नव्हतं. सगळे हसले, ते सोडून.

तेव्हापासून साहेब तेच. मग टीव्हीवर पाहून लोक खरेच अर्ज घेऊन त्यांच्या ओसरीवर येऊ लागले. ताम्हिणीच्या सुभद्राबाईंच्या सातबाऱ्यावर नवऱ्याचं नाव चुकलं होतं. दत्तोबांनी त्यांचा अर्ज ठेवून घेतला तेव्हा मी चिडलो.

“दत्तोबा, तुम्ही साहेब नाही. ही फसवणूक आहे.”

“मला ठाव हाय. पर तिचं आयकून घ्याया कुनी नगं व्हय?”

त्यानंतर आम्ही कामापुरतंच बोललो. यांच्या डोक्यात टीव्ही शिरलाय, असं मी चारचौघांत म्हणालोही.

तेराव्याला सुभद्राबाई आल्या. नाव दुरुस्त झालं होतं. “सायबांच्या सहीनं काम झालं,” त्या म्हणाल्या. मी हिराबाईंकडे पाहिलं.

“सही कसली? दर सोमवारी एस्टीनं कचेरीत जायाचं, रांगेत हुबं ऱ्हायाचं.”

दत्तोबांनी मला का नाही सांगितलं? रागावले होते, की मी याचंही प्रहसन करीन अशी धास्ती होती... आणि मी केलं नसतं का?

निघताना हिराबाईंनी दत्तोबांची कापडी पिशवी माझ्या हातात दिली. आत सात अर्ज. प्रत्येकाच्या मागे दत्तोबांच्या अक्षरात लिहिलेलं, कुठल्या खिडकीत गेलो, काय म्हणाले, परत कधी बोलावलं. गेल्या सोमवारी मी ती घेऊन रांगेत उभा राहिलो. खिडकीतल्या बाईंनी विचारलं, “हे अर्जदार तुमचे कोण?” मी पिशवीतून अर्ज काढू लागलो. त्यांनी पिशवीकडे पाहिलं आणि हात पुढे केला.

“दत्तोबांची ना? द्या.”