चपला जिथे काढल्या तिथे

ज्या जागेबद्दल आदर वाटेल तिथे वन्संआजी चपला काढत, आणि त्यांना कुठे आदर वाटेल याचा नेम नसे. आमच्या लंडनमधल्या पिनरच्या लायब्ररीत त्या दाराशी चपला काढून अनवाणी आत जात. डोळे तपासून घ्यायलाही तशाच बसत, कारण "दृष्टी देतो बिचारा." पण एकदा कौन्सिलच्या एका बड्या साहेबांनी आम्हा म्हाताऱ्यांना घरी चहाला बोलावलं. दारातच 'बूट बाहेर काढावेत' अशी पाटी होती आणि आत दुधासारखा पांढरा गालिचा. वन्सं चिखलाच्या बुटांनी थेट सोफ्यापर्यंत गेल्या. मी डोळ्यांनी खुणावलं, तर मोठ्याने म्हणाल्या, "याने आपला बसस्टॉप हलवला. याच्या गालिच्याला कसला मान?" साहेबांना मराठी येत नव्हतं, म्हणून आम्हाला केकही मिळाला.

सई आणि निहार, तुम्हाला त्या अंधुक आठवत असतील. त्या तुमच्या आजोबांच्या थोरल्या बहीण, म्हणजे माझ्या नणंद. मी त्यांना 'अहो वन्सं' म्हणायची, ते ऐकून तुम्ही त्यांची 'वन्संआजी' केलीत. हे नातं काही कुठल्या पुस्तकात सापडणार नाही, पण त्यांना ते फार आवडलं होतं.

आमचं दोघींचं जमावं असं काही कारण नव्हतं. मी कॉन्व्हेंटमध्ये शिकलेली. माझ्या डब्यांवर नाव आणि तारीख असते, हे तुम्ही पाहिलं आहेच आणि त्यावर हसलाही आहात. वन्संच्या घरी हळद कॉफीच्या बाटलीत असे, आणि कॉफी कुठे आहे हे कॉफी पिणाऱ्यानेच शोधायचं असे. त्या म्हणत, "तुझ्या घरात सगळं सापडतं गं, फक्त मजा सापडत नाही." आजोबा गेल्यावर मात्र रोज सकाळी अकराला माझी बेल वाजू लागली. पाऊस असो, बर्फ असो, अकरा म्हणजे अकरा. घड्याळ न पाळणाऱ्या बाईने पाळलेली ती एकच वेळ.

त्यांचा आणखी एक नियम होता आणि तो तुम्ही नीट लक्षात ठेवा, कारण पुढची सगळी गोष्ट त्यावर आहे. लहानपणी जत्रेच्या गर्दीत त्यांची आई पाचही मुलांना बजावायची, की हरवलात तर रडायचं नाही, कुणाला विचारायचं नाही, जिथे चपला काढल्या तिथे येऊन उभं राहायचं. "माणूस कुठेही भटकेल," वन्सं म्हणत, "पण चपलांपाशी येतोच." आम्ही दोघी हॅरोच्या मोठ्या दुकानात चुकामूक होऊन तास तास फिरलो आहोत. तिथे कुणी चपला काढत नाही, हीच त्या दुकानाची मुख्य गैरसोय, असं त्यांचं मत होतं.

त्यांचा मुलगा प्रसाद साउथहॅम्प्टनला डॉक्टर आहे. मुलगा गुणी आहे, पण डॉक्टर असल्यामुळे त्याला प्रत्येक माणूस पडण्याच्या बेतात दिसतो. वन्संनी एका महिन्यात दोनदा गॅसवर पातेलं जाळलं, तेव्हा त्याने आपल्या घराजवळ म्हाताऱ्यांसाठीचा एक फ्लॅट पाहून ठेवला. खोलीखोलीत लाल दोरी, ओढली की मदतीला माणूस हजर. वन्सं तो बघून आल्या आणि माझ्या स्वयंपाकघरात बसून म्हणाल्या, "दोरी ओढल्यावर येणारं माणूस मला नको. बेल वाजवून येणारं हवं." मग थोड्या वेळाने, माझ्याकडे न बघता, "आणि अकरा वाजता मी कुणाची बेल वाजवू तिथे?"

त्याच हिवाळ्यात आम्ही दोघींनी बोटीने मेक्सिकोपर्यंत जाऊन यायचं आधीच ठरवलं होतं. बोट साउथहॅम्प्टनहूनच सुटत होती. प्रसाद आम्हाला सोडायला आला, बॅगा चढवल्या आणि मला बाजूला घेऊन म्हणाला, "मामी, आई मॅनेज करते का ते तुम्ही बघा. प्रॉपर बघा. आल्यावर मला ऑनेस्ट रिपोर्ट पाहिजे. सगळा ओके असेल तर ती पिनरमध्ये राहील, आय प्रॉमिस. तुमच्यावर माझा ट्रस्ट आहे, तुम्ही कधी खोटा बोलत नाही."

हे खरं होतं. मी शाळेतसुद्धा कधी खोटं बोलले नव्हते. त्यामुळे माझ्या मैत्रिणीही फारशा नव्हत्या.

पंधरा दिवस वन्सं उत्तम वागल्या. गोळ्या वेळेवर घेतल्या, जिन्यांचे कठडे धरले. मग मेक्सिकोचं बंदर आलं आणि मी माया लोकांच्या जुन्या देवळांची एका दिवसाची सहल घेतली. बसमध्ये चढताना प्रत्येकाच्या छातीवर नंबराचा निळा स्टिकर लावला. वन्संनी तो बसतानाच काढला. "मी काय आंब्याची पेटी आहे?"

गाइड तरुण होता आणि आपल्या विषयावर त्याचं प्रेम होतं. त्याची आजी घरी अजून माया भाषाच बोलते, हे त्याने अभिमानाने सांगितलं. वन्संनी लगेच हात वर केला. "युवर ग्रँडमदर, शी लिव्ह्ज अलोन?" तो हसून म्हणाला, "नाही मॅडम, आम्ही सगळे तिच्या घरात राहतो. ती परवानगी देते तोवर." वन्संनी माझ्याकडे असं बघितलं, की हेही लिहून घे.

जंगलात मोकळ्या हिरवळीवर दगडी देवळं उभी होती, पायऱ्या पायऱ्यांची, आभाळाकडे निमुळती होत गेलेली. मी वहीत टिपणं घेत होते. त्यांचे पुजारी ग्रहताऱ्यांवरून दिवस मोजत, असं गाइडने सांगितलं. "म्हणजे पंचांग," वन्सं म्हणाल्या. चेंडूच्या खेळानंतर कधी कधी खेळाडूचा बळी देत, असं तो म्हणाला. "आमच्या मंडळात हरणाऱ्यालाही ट्रॉफी देतात," वन्सं म्हणाल्या, "त्यापेक्षा हे बरं." आमच्या पुढचं इंग्रज दांपत्य दोन पावलं पुढे सरकलं.

मग एका देवळापुढे तो म्हणाला, की या पायऱ्या मुद्दाम इतक्या उभ्या बांधल्या आहेत. चढताना मान खाली घालावीच लागते. वन्संनी देवळाकडे वर पाहिलं. खाली वाकल्या आणि सँडलचे पट्टे सोडू लागल्या.

"मॅडम, प्लीज! मुंग्या आहेत," गाइड म्हणाला.

"देव आहे ना? मग मुंग्या असणारच."

मी त्या देवळाचा फोटो काढला. कोपऱ्यात त्यांचे जांभळ्या पट्ट्यांचे सँडल आले होते. वेळही वहीत लिहिली, अकरा चाळीस. पुढे सगळे गेले, मी गाइडचं बोलणं लिहीत लिहीत मागून गेले, आणि वन्सं माझ्या पाठोपाठ येत आहेत असं धरून चालले. मागे वळून बघितलं नाही. माझ्या व्यवस्थितपणाला पडलेलं हे भोक मी आजवर कुणालाच दाखवलेलं नाही.

बसपाशी मोजणी झाली. एक माणूस कमी.

गाइडने दोन मिनिटं इकडेतिकडे हाका मारल्या. मग घड्याळ बघितलं. "मॅडम, आय ॲम सॉरी. अजून दहा मिनिटं. मग मला बोटीवर कळवावं लागेल. ते तुमच्या घरी फोन करतात, हा नियम आहे." घरी म्हणजे कुणाला, हे मला विचारायची गरज नव्हती. बोटीचा तो फॉर्म मीच भरला होता, सुवाच्य अक्षरात, प्रसादचे दोन्ही नंबर घालून.

आणि तेवढ्यात तिकिटाच्या खिडकीत मला ते जांभळे सँडल दिसले. झाडलोट करणाऱ्या बाईने कुणीतरी विसरलं म्हणून उचलून आणून ठेवले होते.

आता माझ्या डोक्यात सगळा उलगडा झाला. देऊळ म्हणजे प्रदक्षिणा आलीच. वन्सं प्रदक्षिणा घालून परत आल्या असणार, तोवर चपला गायब आणि आम्हीही गायब. मग नियमाप्रमाणे त्या चपलांपाशी उभं राहायला निघाल्या असणार. पण चपला नव्हत्या, आणि देवळं एकसारखी. म्हणजे वन्सं त्या सगळ्या जंगलात माणसं नव्हे, चपला शोधत होत्या. तेव्हा त्यांना शोधून उपयोग नव्हता. चपला परत जागेवर ठेवणं हाच उपाय होता.

मी सँडल उचलले आणि पळाले. बहात्तराव्या वर्षी पळण्याला पळणं म्हणावं की नाही, हा प्रश्न आहे, पण मी म्हणते. फोनमधला फोटो समोर धरून एकेक देऊळ ताडून पाहिलं. तिसऱ्याच्या कडेला फोटोतलं ते वाकडं झाड होतं. त्याच पायरीखाली सँडल ठेवले. ते फारच लहान दिसू लागले, म्हणून माझेही बूट काढून शेजारी मांडले. दगड असे तापले होते, की मी एका पायावरून दुसऱ्या पायावर नाचत होते. मग आयुष्यात पहिल्यांदा चारचौघांत ओरडले, "वन्संऽऽ! अहो वन्संऽऽ!"

झाडावरून माकडांनी उत्तर दिलं.

गाइडच्या दहातली सात मिनिटं झाली. आठ झाली. मग पलीकडच्या देवळामागून वन्सं आल्या. अनवाणी, केस विस्कटलेले, आणि कुर्त्याच्या ओच्यात चिंचा.

"काय गं, कुठे हरवली होतीस?" लांबूनच म्हणाल्या. "सगळ्या देवळांच्या पायऱ्या बघून झाल्या माझ्या! आणि बूट काढून नाचतेस काय?"

जवळ आल्या. पायाला खरचटलं होतं. माझा दंड त्यांनी असा घट्ट धरला, की दुसऱ्या दिवशीही बोटांचे वळ होते. मग खालच्या आवाजात विचारलं, "प्रसादला फोन गेला का गं?"

"नाही."

"मग चल. चिंचा धर."

त्या संध्याकाळी बोटीवर मी वही उघडून बसले. वन्सं पलंगावर पाय शेकत होत्या. म्हणाल्या, "तुला जे लिहायचं ते लिही. माझ्यासाठी खोटं बोलू नकोस. सवय नाही तुला, पकडली जाशील." आणि कूस वळवून झोपल्या. मी अकरा चाळीसच्या पुढचं पान कोरं सोडलं.

साउथहॅम्प्टनला प्रसाद न्यायला आला होता. वन्संना गाडीत बसवून त्याने डिकीपाशी मला विचारलं, "सो, मामी? हाउ वॉज शी?"

"सगळं व्यवस्थित," मी म्हणाले. "काही म्हणजे काहीच झालं नाही." माझे कान तापले होते. थंडी होती, त्यामुळे लाल दिसले असतील तर ते थंडीवर गेलं असेल, असं मी धरून चालले.

त्याने माझी बॅग डिकीत ठेवली. "ओके, मामी," एवढंच म्हणाला. पुढे त्या फ्लॅटचा विषय त्याने काढला नाही.

वन्सं त्यानंतर तीन हिवाळे आपल्या घरात राहिल्या. आणखी दोन पातेली जाळली, त्यातलं एक माझं. एके दिवशी अकरा वाजले आणि माझी बेल वाजली नाही. सव्वाअकराला मी किल्ली घेऊन निघाले. त्या स्वयंपाकघरात खुर्चीत होत्या, कोट घातलेला, एक चप्पल पायात आणि एक हातात. माझ्याकडेच निघाल्या होत्या.

क्रियाकर्म झाल्यावर प्रसादसमोर माझ्याने राहवेना. "प्रसाद, त्या ट्रिपमध्ये एक गोष्ट झाली होती. मी तुला..."

"मला माहीत आहे," तो म्हणाला. "आईने बोटीवरूनच फोन केला. सगळी स्टोरी सांगितली, चिंच पण. ती काय, पोटात ठेवणार आहे?" रडता रडता तो हसला. "मग मी तुमच्यासाठी थांबलो. तुम्ही काय सांगता ते बघायला. मामी कधी खोटा बोलत नाही, आणि आईसाठी बोलली. तर मी म्हटला, एवढा करणारा माणूस जवळ आहे, आईला पिनरमधून हलवायचा नाही."

हे सगळं मी देवनागरीत लिहिते आहे, कारण तुम्ही दोघं ऑकलंडला बसून ती शिकलात आणि तुमच्या बाबाला ती वाचता येत नाही. त्याला शिकवायची राहून गेली हा माझा दोष. पण प्रत्येक दोषाचा कधीतरी उपयोग होतो.

पुढच्या महिन्यात तुम्ही येणार आहात, आणि बाबाने तुम्हाला 'आजी जिना कशी चढते ते जरा बघा' असं सांगितलं आहे, हे मला तुमच्या आईकडून कळलं. तर आधीच सांगून ठेवते. मार्चमध्ये मी खालच्या दोन पायऱ्यांवरून घसरले होते. काही मोडलं नाही. आता हे आपल्या तिघांनाच माहीत आहे, तुम्ही दोघं आणि मी.

दाराशी जांभळ्या पट्ट्यांचे सँडल दिसतील, ते हलवू नका. तुमचे बूट त्यांच्या शेजारीच काढा. आणि परत गेल्यावर बाबाने विचारलं, तर काय सांगायचं ते तुमचं तुम्ही ठरवा. तुम्ही दोघंही सहसा खोटं बोलत नाही, असं तुमची आई म्हणते. तेच उपयोगी पडेल.