उपडं मडकं

रेवसच्या धक्क्याला लाँच लागली होती आणि आई माझ्या बॅगेत वालाची पिशवी कोंबत होती. बाबा बाजूला उभे. मिठागरात आयुष्य गेलेला माणूस, पाण्याकडे बघून बोलायची सवय. म्हणाले, "तिकडं इस्तव पेटवाया जागा तरी हाय का गो?"

"गॅस आहे, बाबा," मी म्हटलं आणि लाँचमध्ये चढले. बावीस वर्षं झाली.

इंग्लंडच्या उत्तरेकडच्या या गावात मी शाळेच्या कॅन्टीनमध्ये काम करते. रोज सकाळी बीन्सचे मोठे डबे फोडते. टोमॅटोच्या गुळचट रसातले ते दाणे पहिल्यांदा चाखले, तेव्हा वालाचं बिरडं आठवून रागच आला होता. पुढे सोबतच्या बाईने घरचे बीन्स शिकवले. रात्रभर भिजवलेले दाणे, कांदा, मोहरीची पूड, काकवीसारखं काळं ट्रीकल आणि ओव्हनमध्ये तीन तास. चांगले होतात. धूर मात्र पुडीतून घालावा लागतो, धुरावलेल्या तिखटाच्या, म्हणजे स्मोक्ड पॅप्रिकाच्या. इकडे आलेल्यांना सांगायला नको, आपण किती गोष्टी पुडीतून घालतो ते.

गेल्या हिवाळ्यात आई गेली. मी एकुलती, म्हणून मे महिन्यात बाबांना इथे घेऊन आले. ते जेवेनात. दोन घास, तेही गोळी घेण्यापुरते. डॉक्टरांना काही सापडलं नाही, पण शर्ट सैल होत चालले. "मला घरी धाड," एवढंच म्हणायचे. मी ठरवलं, हा माणूस एकदा तरी काही मागून खाईपर्यंत तिकीट काढायचं नाही.

एका रविवारी दुपारी मागच्या अंगणात विटा मांडून विस्तव केला. अर्धवट शिजलेले बीन्स रसासकट मातीच्या मडक्यात भरले आणि मीठ आणायला आत गेले. बाहेर येऊन बघते, तर बाबांनी मडक्याच्या तोंडात कोबीची पानं ठासून ते विस्तवावर उपडं घातलेलं. काळा रस चर्र करत निखाऱ्यांवर गळत होता.

"बाबा! रस होता त्यात!"

"पोपटीत पानी कोन घालतं गो? बावीस वर्सांत येवढं इसरलीस?"

आपल्याकडे थंडीत शेताच्या बांधावर पोपटी लागते, ती अशीच. वालाच्या शेंगा, मीठ, ओवा, भांबुर्डीचा पाला ठासून मडकं उपडं, भोवती जाळ. पाण्याचा थेंब नाही. शेंगा स्वतःच्याच ओलाव्यात शिजतात. लहानपणी ते मला चमत्कारासारखं वाटायचं. इतकी वर्षं स्वयंपाकघरात काढूनही अजून वाटतं.

माझे रात्रभर भिजवलेले बीन्स गेले, असं धरून मी पायरीवर बसले. बाबा काटक्या सारत राहिले. मग ओंजळीतून मडक्यावर पाणी शिंपडलं आणि कान दिला. मिठागरात ते असेच वाफ्याच्या कडेला उभे राहून मीठ कधी धरेल ते सांगायचे आणि ते त्या दिवशीच धरायचं. "आजून थोडा येळ," म्हणाले. पुन्हा शिंपडलं. मला दोन्ही वेळचा आवाज सारखाच वाटला. त्यांना नाही. "काढ."

पानं काढली. दाणे अख्खे होते. निम्मा रस गळला होता, राहिलेला प्रत्येक दाण्यावर काळसर, चकचकीत चढला होता. गळलेल्या रसाचा धूर पानांतून वर शिरून आत मुरला होता. मी एक तोंडात टाकला. गोड, आणि मागून आपल्या शेताच्या बांधावरचा धूर. ही चव कुठल्या पुडीत नव्हती.

बाबांनी कोबीच्या पानावर घेऊन खाल्ले. पान चाटलं.

"आजून हायत का?"

मी वाढले. दुसऱ्या दिवशी कामावर जायच्या आधी तिकीट काढलं. ठरलं होतं तसं.

जानेवारीत गावाहून बाबांचा फोन आला. गावात पोपटी लागली होती आणि बाबांनी शेंगांवर काकवी ओतली होती. "लोक हसले. म्हनले, म्हातारा चळला."

"मग?"

"मग काय? त्यांनीच मडकं खरवडून खाल्लं."

लोक विचारतात, घर कुठलं म्हणतेस आता? पूर्वी उत्तराला वेळ लागायचा. आता मागच्या अंगणात काळ्या पडलेल्या चार विटा आहेत. मी त्या उचललेल्या नाहीत.