कड्याला माळ कोण घालतं?

माझी लेक रोह्याच्या एका कंपनीत लॅबमध्ये होती. कंपनीनं तिला दोन वर्षांसाठी दक्षिण आफ्रिकेला पाठवलं, आणि तिसऱ्याच आठवड्यात बाईसाहेबांचा फोन, "आई, मी नोकरी सोडून येते. इथं बोलायला कुणी नाय."

माझं डोकंच फिरलं. घरमालकीण म्हातारी त्याच घरात राहते, आणि म्हणे बोलायला कुणी नाय! पण ओरडले तर फोन ठेवील, म्हणून विचारलं, "खिडकीतून काय दिसतं गो?"

"डोंगर. त्याच्या माथ्याला उभा कडा. इथं कड्याला क्रान्स म्हणतात."

शब्द आफ्रिकान्स भाषेतला, आता तिकडच्या इंग्रजीतही रुळलाय, असं तिनं सांगितलं. मूळ अर्थ फुलापानांची गोल माळ. डच शेतकरी तिथं गेले तेव्हा डोंगराच्या डोक्याभोवती खडकाचा वेढा बघून त्यांना माळच आठवली असावी.

"मग ती माळ घालतं कोण?" मी विचारलं.

माझं माहेर निडीजवळ, डोंगराच्या पायथ्याशी. आमच्यात दसऱ्याला कड्याला तोरण बांधतात. झेंडू, आंब्याची पानं, भाताच्या नव्या लोंब्या. ओवायचं गावानं, वर जाऊन बांधायचं आदिवासी वाडीतल्या एका घरानं, तो मान त्यांचाच. तोरण चुकलं तर कडा शेतात दगड सोडतो म्हणतात. मग नावातच माळ असलेला कडा उघडाबोडका कसा राहील?

"आई, नुसतं नाव हाय ते."

"तुला काय ठाऊक? म्हातारीला विचार."

तिनं वैतागून विचारलं. खरंच नुसतं नाव होतं, चूक माझीच. पण म्हातारी पोट धरधरून हसली आणि हिला गाडीत घालून थेट कड्याखाली घेऊन गेली. दोघींनी गवत आणि रानफुलं वळून माळ केली. वर चढणं दोघींच्या बापजन्मात जमलं नसतं, म्हणून पायथ्याच्या धोंड्याला घातली.

हे सगळं मला रविवारच्या फोनवर कळलं. अर्धा तास बोलत होती, कड्यावरचे पक्षी, म्हातारीचं बिनमिठाचं सूप, पुढच्या सुट्टीत कुठं जायचं. परत येते, असं एकदाही म्हणाली नाही.

ती येणार म्हणून सकाळीच मी तिची गादी उन्हात टाकली होती. फोन ठेवल्यावर गादी झटकली, गुंडाळली आणि पुन्हा माळ्यावर चढवली. रडू आवरेना. पोरगी टिकली होती.